किल्ल्यावरचीं चित्रें

गेल्या दिवाळींत भाज्याचीं लेणीं पाहून खालीं गांवांत उतरत असतां एका अंगणांत मुलांचा किल्ला चाललेला दिसला. दगडगोटे रचून, त्यांवर पोतें पसरून, वरून लाल मातीचा चिखल थापून तट, बुरूज आणि पायऱ्या तयार झाल्या होत्या. उतारावर पेरलेले हळीव नुकतेच हिरवे दिसूं लागले होते. मागें विसापूरचा खरा कडा उभा, आणि त्याच्या पायथ्याशीं हा हातभर उंचीचा किल्ला! बरोबर वऱ्हाडांतले एक स्नेही होते. त्यांनीं कौतुकानें विचारलें, "काय रे बाळ, झाला का किल्ला पुरा?" मुलानें मान वर न करतांच उत्तर दिलें, "नाही काका, अजून चित्रं मांडायची राहिलीत."

स्नेह्यांस वाटलें कीं, आतां हा मुलगा तटावर गेरूनें कांहीं तरी काढणार. पण तो घरांत गेला आणि एक जुना पत्र्याचा डबा घेऊन बाहेर आला. डब्यांत वर्तमानपत्राच्या तुकड्यांत गुंडाळलेलीं बोटभर उंचीचीं मातीचीं माणसें होतीं: सिंहासनावरचे महाराज, ढालतलवार घेतलेले शिपाई, डोक्यावर घागर घेतलेली गवळण, एक वाघ, एक बैलगाडी. कांहींचा रंग उडालेला, एकाचा हात मोडलेला. "हीं चित्रें?" असें स्नेह्यांनीं विस्मयानें विचारलें. मुलगा त्यांच्याकडे अशा दृष्टीनें पाहूं लागला कीं, जणूं त्यांनीं भाकरीस भाकरी कां म्हणतात असें विचारलें होतें!

पुणें आणि त्याच्या आसपासच्या मुलखांत वाढलेल्या माणसास ह्या शब्दाचें नवल वाटत नाहीं. किल्ल्यावरचीं तीं 'चित्रें', चैत्रगौरीच्या आराशींतलीं तींहि 'चित्रें'. परंतु परप्रांतीच काय, महाराष्ट्राच्याच दुसऱ्या भागांतला मनुष्यहि हा शब्द ऐकून गोंधळतो; कारण त्याच्या लेखीं चित्र म्हणजे कागदावर, कापडावर किंवा भिंतीवर काढलेली आकृति. मग हातांत धरतां येणाऱ्या, चहूंकडून पाहतां येणाऱ्या ह्या चिमुकल्या बाहुल्यांस चित्र हें नांव कसें मिळालें? मुलांनीं केलेला हा केवळ अपप्रयोग आहे, कीं त्यांत भाषेची एखादी जुनी ठेव सांपडते?

प्रथम हें पाहूं कीं, आपल्या भाषेंत लहान आकृतींसाठीं शब्दांची उणीव मुळींच नाहीं. देवघरांत असते ती मूर्ति. तिची प्रतिष्ठा होते, तिला स्नान आणि नैवेद्य असतो. धातूच्या पत्र्यावर ठोकून उठविलेला कुलदैवताचा किंवा घराण्यांतील वीराचा असतो तो टाक. मुलगी जिला कपडे घालते, निजविते आणि जिचें लग्न लावते ती बाहुली. पटावर जिला चाल असते ती सोंगटी. उरलें तें सगळें खेळणें. चित्र ह्यांपैकीं कांहींच नव्हे. त्याची पूजा होत नाहीं, त्यास कोणी निजवीत नाहीं, त्याला चालहि नाहीं. त्याचें एकच कार्य, तें म्हणजे आपल्या जागीं उभें राहून सभोंवारचा देखावा पुरा करणें. म्हणून त्याच्याबरोबर येणारें क्रियापदहि निराळें आहे. कागदावरचें चित्र 'काढतात', किल्ल्यावरचें चित्र 'मांडतात'. मुलें हा भेद कधींहि चुकत नाहींत. ज्या शब्दाला स्वतःचें क्रियापद आहे, त्याला अपभ्रष्ट किंवा चुकून आलेला म्हणतां येत नाहीं.

आतां थोडें शिल्पशास्त्राकडे वळूं. आपल्या शिल्पग्रंथांत आकृतींचे तीन प्रकार सांगितले आहेत. जी आकृति सर्व बाजूंनीं घडविलेली असते, जिला पुढचें अंग आहे तसेंच मागचेंहि आहे, ती 'चित्र'. जी भिंतीला किंवा शिळेला चिकटून असते आणि जिचें अर्धें अंगच उठावांत दिसतें, ती 'अर्धचित्र' अथवा 'चित्रार्ध'. आणि सपाट पृष्ठावर केवळ रंगरेषांनीं जिचा भास उत्पन्न केलेला असतो, ती 'चित्राभास'. केरळांतील श्रीकुमाराच्या सोळाव्या शतकांतील 'शिल्परत्न' ग्रंथांत हा विभाग आहे, दाक्षिणात्य आगमांतहि आहे, आणि टी. ए. गोपीनाथ राव ह्यांनीं १९१४ पासून प्रसिद्ध केलेल्या आपल्या मूर्तिशास्त्रावरील इंग्रजी ग्रंथांत तो आधुनिक वाचकांपुढें मांडला. म्हणजे ह्या परंपरेनें पाहिल्यास कागदावरची आकृति खरें चित्र नव्हेच, ती चित्राचा आभास. आणि भाज्याच्या मुलाच्या डब्यांतला मोडक्या हाताचा शिपाई हेंच शास्त्रशुद्ध चित्र! संस्कृतांत चित्र शब्द रंगकामासाठीं वापरीत नसत असें मात्र कोणी समजूं नये. विष्णुधर्मोत्तर पुराणांतील चित्रसूत्र हें प्रामुख्यानें रंगविलेल्या चित्रांविषयींच आहे. दोन्ही अर्थ पूर्वापार नांदत आले. त्यांतला एक ग्रंथांतून आणि शहरांतून पसरला, दुसरा अंगणांत टिकला.

हे तिन्ही प्रकार एकाच गांवाच्या शिवारांत पाहावयाचे असतील तर भाज्यासारखें ठिकाण नाहीं. गांवावरच्या डोंगरांत इसवी सनापूर्वीं दुसऱ्या शतकाच्या सुमारास कोरण्यास आरंभ झालेलीं लहानमोठीं २२ लेणीं आहेत. चैत्यगृहाच्या कमानदार छताला त्या काळच्या लांकडी फांसळ्या अजून आहेत. पण आपल्या विषयाला उपयोगी तें दक्षिणेकडील विहारलेणें. त्याच्या ओंवरींत दाराच्या एका बाजूस चार घोड्यांच्या रथांत बसलेला, दोन स्त्रियांसहित चाललेला पुरुष आहे. दुसऱ्या बाजूस सोंडेनें झाड उपटून धरणारा प्रचंड हत्ती आणि त्यावर आरूढ झालेला पुरुष. जुन्या अभ्यासकांनीं त्यांस सूर्य आणि इंद्र म्हटलें. दुसरे कांहीं तेथें मांधात्याची कथा पाहतात. तो वाद येथें नको. आम्हांस मौज वाटली ती हत्तीच्या पायाशीं असलेल्या लहान लहान आकृतींची. तेथें कठड्यानें वेढलेला वृक्ष आहे, आसनावर बसलेला राजा आहे, नाचणारी स्त्री आणि जवळच वाद्य वाजविणारी दुसरी स्त्री आहे. मोठ्या आकृतींच्या पायथ्याशीं हें सगळें जग असें मांडलें आहे कीं, किल्ल्याच्या पायथ्याशीं बाजार, विहीर आणि बैलगाडी मांडणाऱ्या मुलाचीच आठवण व्हावी. भेद इतकाच कीं, हीं माणसें खडकांतून पुरतीं सुटलेलीं नाहींत. त्यांची पाठ कोणीं पाहिली नाहीं, कारण ती कोणीं घडविलीच नाहीं. हीं अर्धचित्रें होत.

तिसरा प्रकार, चित्राभास, तोहि दूर नाहीं. भाज्यास जाणारा प्रवासी ज्या मळवली स्टेशनावर उतरतो, त्याच मळवलीस १८९९ सालीं राजा रविवर्मा ह्यांचा शिळाछाप छापखाना मुंबईहून हलविण्यांत आला. १८९४ सालीं मुंबईंत सुरू झालेला हा छापखाना पुढें विसाव्या शतकाच्या आरंभीं फ्रिट्झ श्लायशर ह्या जर्मन तंत्रज्ञाच्या मालकीचा झाला, आणि १९७२ सालीं आगीच्या भक्ष्यस्थानीं पडला. ह्या मधल्या काळांत येथून निघालेल्या लक्ष्मी, सरस्वती आणि राम-सीतेच्या तसबिरी हिंदुस्थानांतील लक्षावधि घरांच्या भिंतींवर गेल्या. त्याच्याहि पूर्वीं, १८७८ सालीं, पुण्यास चित्रशाळा छापखाना निघालाच होता. शेजारच्या लोणावळ्यास दादासाहेब फाळके ह्यांनीं १९०८ च्या सुमारास ठसे खोदण्याचा आणि छपाईचा कारखाना काढला, आणि १९१३ सालीं त्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'नें चित्रास हालावयास लावलें. आज नुसतें 'चित्र' म्हटलें तर कागद, आणि 'चित्रपट' म्हटलें तर पडदा, असेंच मनांत येतें. शब्दाचा अर्थ कोणा पंडितानें बदलला नाहीं. स्वस्त छपाईनें बदलला. वस्तु जिथें अमाप होते तिथें शब्द तिच्या मागें जातो. डोंगरांत शिळा कोरून अर्धचित्रें करणारे आणि डोंगराखालीं शिळेवरून चित्राभास छापणारे ह्यांच्यामध्यें दोन हजार वर्षें गेलीं, पण अंतर अर्ध्या कोसाहून फारसें अधिक नाहीं.

येथें एक आक्षेप घेतां येईल. कोणी म्हणेल कीं, मुलांनीं कोठें शिल्पग्रंथ वाचले आहेत? हीं खेळणीं रंगविलेलीं, 'चितारलेलीं' असतात, म्हणून तीं चित्रें. इतकी सरळ गोष्ट असतां शास्त्र कशाला हवें? आक्षेपांत तथ्य आहे, पण तो पुरा पडत नाहीं. रंगविलेला पाट, रंगविलेली गाडी, रंगविलेला माठ, ह्यांपैकीं कशासहि आपण चित्र म्हणत नाहीं. आणि ज्या शिपायाचा रंग साफ उडाला आहे, त्याला मात्र म्हणतों. तेव्हां नुसता रंग हें नांवाचें कारण नव्हे. मुलानें ग्रंथ वाचला नाहीं हें खरें, पण चित्रें करणाऱ्या कारागिरानेंहि तो वाचला नव्हता. त्याला तो वाचण्याची गरजहि नव्हती. शास्त्र हें पुष्कळदां कारागिरांच्या बोलीचेंच संस्कृत झालेलें असतें. सावंतवाडीची चितार आळी पाहावी. तेथले चितारी गंजिफांचीं पानें रंगवितात, आणि लांकडाचीं फळें व खेळणींहि घडवितात. घडविणें आणि रंगविणें हीं त्यांच्या हातांत दोन कामें नाहींत, म्हणून त्यांच्या नांवांतहि तीं दोन नाहींत. आमचें अनुमान असें कीं, 'चित्र' हा शब्द ह्याच वाटेनें कुंभाराच्या आणि चिताऱ्याच्या तोंडून बाजारांत, आणि बाजारांतून अंगणांत आला.

अशा आकृति घडविण्याची परंपरा ह्या प्रदेशांत किती जुनी आहे, हें जमिनीनेंच सांगितलें आहे. पुणें जिल्ह्यांत घोड नदीकांठीं इनामगांव येथें डेक्कन कॉलेजानें १९६८ ते १९८३ ह्या वर्षांत उत्खनन केलें. तेथें तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीच्या एका घराच्या जमिनीखालीं झांकणाची मातीची पेटी निघाली. तिच्यांत कच्च्या मातीची स्त्रीमूर्ति होती आणि वर मस्तकहीन स्त्री व बैल. ती अर्थात् पूजेची वस्तु होती, खेळाची नव्हे. पण सातवाहन काळांत येतों तों तेर येथें पांढऱ्या चिनी मातीच्या, पुढचा आणि मागचा असे दोन सांचे जोडून केलेल्या सुबक आकृति विपुल मिळतात. दोन सांच्यांची ही युक्ति कशासाठीं? आकृतीला पाठ मिळावी म्हणून. अर्धचित्राचें पूर्ण चित्र व्हावें म्हणून. लेण्यांतला पाथरवट जें करीत नव्हता, तें त्याच काळांतला कुंभार करीत होता.

आणि अशा वस्तूंत कधीं कधीं किती मोठें नाट्य सांठविलेलें असतें, हें 'शाकुंतल' वाचणारास सांगावयास नको. १८८० सालीं अण्णासाहेब किर्लोस्करांनीं तें मराठी रंगभूमीवर आणल्यापासून तर तें घरोघर परिचित झालें. सातव्या अंकांत सिंहाच्या छाव्याशीं झोंबणाऱ्या बालकास तापसी रंगविलेला मातीचा मोर आणून देते. पक्ष्याचें लावण्य पाहा, अशा अर्थानें ती जे शब्द बोलते, त्यांत मुलास आपल्या आईचें नांव ऐकूं येतें. आणि जवळ उभ्या असलेल्या राजाच्या अंतःकरणांत आशा पालवते. एक मातीचें खेळणें आणि एक श्लिष्ट शब्द, एवढ्यानें दुरावलेलें कुटुंब एकत्र येण्याच्या मार्गास लागतें. शब्द आणि वस्तु ह्यांची गांठ मुलाच्या कानांतच पक्की बसते, हें कालिदासानें अचूक ओळखलें होतें.

आतां दुसऱ्या शब्दाकडे वळूं. कारण डब्यांतल्या चित्रांपैकीं ज्याची संख्या सर्वांत अधिक, त्याचें नांव ह्याच भूमीचें आहे. दुकानांत मुलें 'शिपाई द्या' म्हणत नाहींत; 'दहा मावळे द्या' म्हणतात. मावळा म्हणजे मावळांत राहणारा. हा मुलूख सूर्य मावळतो त्या बाजूस आहे म्हणून मावळ, अशी व्युत्पत्ति सर्वतोमुखीं आहे, आणि ती गोडहि आहे. पण समोरच्या कार्ल्याच्या लेण्यांतील सातवाहनकालीन लेखांत ह्या प्रदेशाचा उल्लेख 'मामाड', 'मामाल' अशा रूपांनीं आला आहे. ग्रामाचें गांव झालें, नामाचें नांव झालें, त्याच नियमानें मामालाचें मावळ झालें. म्हणजे मावळतीशीं त्याचा संबंध लोकांनीं मागाहून जोडला. शिवाजी महाराजांपूर्वीं दीड हजार वर्षें हें नांव येथें नांदत होतें. महाराजांनीं ह्या डोंगरकपारींतल्या शेतकऱ्यांस हातीं धरलें, त्यांनीं लोहगडासारखे गड घेतले, १६६५ च्या तहांत मोगलांना दिलेले गड १६७० नंतर परत जिंकून आणले, आणि एका खोऱ्याचें नांव साऱ्या महाराष्ट्रांत शौर्याचें नांव झालें. पुढें ओघानें तें बोटभर मातीच्या शिपायाचेंहि झालें.

असें इतर देशांतहि घडलें आहे. ग्रीस देशांतील तानाग्रा नांवाच्या गांवाजवळ १८७० नंतरच्या दशकांत भाजलेल्या मातीच्या रेखीव लहान पुतळ्या सांपडल्या; तेव्हांपासून तशा प्रकारच्या पुतळीस, ती कोठलीहि असो, 'तानाग्रा' म्हणतात. फ्रान्सच्या दक्षिणेस प्रोव्हान्स प्रांतांत नाताळाच्या देखाव्यांत मांडण्याच्या मातीच्या आकृतींस 'सांतों', म्हणजे छोटा संत, असें नांव आहे. राज्यक्रांतीच्या काळांत देवळें बंद झालीं तेव्हां लोक घरोघर असे देखावे मांडूं लागले, आणि मार्सेयचा कारागीर लान्येल सांच्यांतून स्वस्त आकृति काढूं लागला. मौज अशी कीं, ह्या संतांत कोळीण आहे, चक्कीवाला आहे, मोळीविक्याहि आहे. देखाव्यांत उभा राहिला कीं तो संत! आमच्या किल्ल्यावर गवळण, शेतकरी आणि वाघ सगळेच 'चित्र' होतात, त्यांतलाच हा प्रकार. मात्र एका बाबतींत आमचा मावळा निराळा आहे. तानाग्राच्या पुतळ्यांचे मूळचे लोक इतिहासजमा झाले. मावळा अजून मावळांत राहतो.

हें म्हणण्याचें कारण त्या अंगणांतच घडलें. मुलगा मोडक्या हाताचा शिपाई दरवाज्याशीं उभा करीत होता. स्नेह्यांनीं विचारलें, "हा कोण?" "मावळा." "आणि तूं कोण?" मुलगा क्षणभर थांबला. ओट्यावर भात पाखडीत बसलेली त्याची आजी हंसून म्हणाली, "सांग की, आम्हीच मावळं म्हणून." मुलास हें नवें होतें असें त्याच्या मुद्रेवरून दिसलें.

आम्हांसहि तो प्रसंग विसरतां आला नाहीं. मातीच्या मावळ्यास आपण वर्तमानपत्रांत गुंडाळून डब्यांत जपून ठेवतों. पण हाडामांसाच्या मावळ्याचा इतिहास तितक्या काळजीनें जपला आहे काय? १९२१ सालीं रामनवमीच्या दिवशीं मुळशी पेट्यांत सेनापति बापट प्रभृतींच्या नेतृत्वाखालीं शेतकऱ्यांनीं सत्याग्रह सुरू केला. टाटा कंपनीच्या विजेसाठीं बांधल्या जाणाऱ्या धरणाखालीं त्यांच्या वडिलार्जित भातजमिनी जावयाच्या होत्या. लढा १९२४ पर्यंत चालला. धरण झालें, गांवें बुडालीं. पुढें लोहगडाच्या पाठीमागें पवनेवर धरण झालें, तेव्हांहि कित्येक कुटुंबांस घरदार सोडावें लागलें. त्याच पवनेचें पाणी बंद नळांतून शहराकडे नेण्यास विरोध करणाऱ्या शेतकऱ्यांवर ९ ऑगस्ट २०११ रोजीं बऊर येथें पोलिसांचा गोळीबार झाला, आणि तिघे शेतकरी मृत्यु पावले. त्या त्या प्रश्नाच्या दोन्ही बाजू असतील. शहरांस पाणी आणि वीज लागतेच. आमचें म्हणणें इतकेंच कीं, ज्यांस आपण दर दिवाळींत तटावर मानानें उभें करतों, त्यांचेंच नांव ह्या बातम्यांतील माणसांचेंहि आहे, ही जाणीव आपल्या मुलांस असत नाहीं. नांव मातीच्या आकृतीस पुरतें चिकटलें, कीं मूळ माणूस नजरेआड होतो. शब्दाचा अर्थ वाढावा, पण पहिला अर्थ गिळून वाढूं नये.

जुलै २०२५ मध्यें मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादींत गेले. त्यांत लोहगड आहे. ह्या गौरवाचा आनंद कोणाला होणार नाहीं? पण वारसा हा केवळ चिऱ्यांत आणि तटांत नसतो. गडाच्या पायथ्याच्या अंगणांत मुलगा जो शब्द सहज उच्चारतो, तोहि वारसाच आहे. आज मातीऐवजीं प्लास्टर आणि प्लास्टिक आलें, ही वस्तूची गोष्ट झाली. वस्तु बदलत राहणारच. पण सुशिक्षित घरांतलीं मुलें ह्यांस 'मॉडेल' किंवा 'टॉय' म्हणूं लागलीं आहेत, आणि वडीलधारे त्यांस सुधारीत नाहींत. उलट 'चित्रें' म्हणणाऱ्या एखाद्या खेड्यांतल्या मुलासच कोणी हंसतो. तें हंसणें अज्ञानाचें आहे. शिल्पकारांनीं ज्या वस्तूस चित्र म्हटलें, तिलाच तो मुलगा चित्र म्हणतो. चुकत असूं तर आपण चुकतों.

तेव्हां वाचकांस विनंती एवढीच. पुढच्या दिवाळींत मुलाबरोबर बाजारांत जाल तेव्हां दुकानदाराकडे 'किल्ल्यावरचीं चित्रें' असें म्हणूनच मागा. मुलानें कारण विचारलें तर त्याला एकदां भाज्यास न्या. ओंवरींतला हत्ती दाखवा, त्याच्या पाठीमागें हात घालावयास सांगा. हात खडकावर थांबेल, आणि चित्र व अर्धचित्र ह्यांतला भेद त्याला न सांगतां कळेल. मग खालीं उतरून गांवांतल्या एखाद्या ओट्यावर घोटभर पाणी मागा, आणि पाणी देणाऱ्या माणसाकडे बोट न दाखवतां मुलास हळूच सांगा कीं, हे मावळे.